अपिलाच्या तारखेला आमच्याकडून कोणीच हजर नव्हतं, अपील फेटाळलं. आता काय?

कुळागरकार
नमस्कार मंडळी. एरवी मी इथे पोफळीच्या कोळेरोगाबद्दल विचारायला येतो, आज विषय वेगळा आहे.

आमच्या कुळागरात (पोफळीच्या बागेत) जायची वाट शेजाऱ्यांच्या भाटातून (नारळाच्या बागेतून) आहे, आजोबांच्या वेळेपासून. २०१६ साली त्यांनी अर्ध्या वाटेवर गडगा घातला. बाबांनी दावा लावला, तो २०२१ मध्ये आमच्या विरुद्ध गेला. मग जिल्हा न्यायालयात अपील केलं. तिथे ‘जैसे थे’ मिळालं, म्हणून उरलेली अर्धी वाट तरी शाबूत होती.

गेल्या आठवड्यात सकाळी बघतो तर वाटेवर चिऱ्यांचा ट्रक रिकामा केलेला. शेजाऱ्यांना विचारलं तर म्हणाले, "तुमचें अपील सोंपलें मरे, तुका खबर ना?" वकिलांना फोन केला. दोन दिवस "बघतो बघतो". तिसऱ्या दिवशी सांगितलं की त्या तारखेला ते दुसऱ्या कोर्टात अडकले होते, ज्युनियर वेळेत पोचला नाही आणि अपील डिफॉल्टमध्ये गेलं, म्हणजे गैरहजेरीमुळे फेटाळलं. ऑर्डर होऊन ४४ दिवस झालेत. बाबा अर्धांगवायूने अंथरुणाला आहेत, त्यामुळे तारखा मी पूर्णपणे वकिलांवर सोडल्या होत्या.

प्रश्न सरळ आहे. सगळं संपलं का? नवीन अपील करता येतं का? आणि आमची बाजू न ऐकता कोर्ट असं कसं करू शकतं?

पणजीचो_पात्रांव
शेजाऱ्याला तुमच्या अपिलाची खबर तुमच्या आधी. गोव्यात असंच असतं. आमच्या लग्नाचं ठरल्याचंही आम्हाला तिंट्यावरच (नाक्यावरच) कळलं होतं.

म्हापसेकर
हायकोर्टात जा. सेकंड अपील करा. वेळ घालवू नका.

निवृत्त_शिरस्तेदार
म्हापसेकर, थांबा जरा. घाईत चुकीच्या दारात नेऊन सोडाल त्यांना.

कुळागरकार, मी तीस वर्षं कोर्टाच्या कचेरीत काढली आहेत, वकील नाही. जे रोज बघितलं ते सांगतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ४१ नियम १७ मध्ये लिहिलंय की अपील पुकारल्यावर अपीलदार हजर नसेल तर कोर्ट अपील फेटाळू ‘शकतं’. फेटाळलंच पाहिजे असं नाही. उलट बाजू गैरहजर असेल आणि अपीलदार हजर असेल तर अपील एकतर्फी ऐकलं जातं.

आता तुमचा तिसरा प्रश्न. कोर्टाने तुमची बाजू चुकीची ठरवलेली नाही. त्याच नियमाला १९७६ च्या दुरुस्तीने एक स्पष्टीकरण जोडलंय, ते १ फेब्रुवारी १९७७ पासून लागू आहे. अपीलदार गैरहजर असताना अपील गुणदोषांवर फेटाळायचा अधिकार या नियमाने मिळत नाही, असं ते सांगतं. म्हणजे अपीलदार नाही म्हणून अपील बाजूला ठेवता येतं, पण त्याच्या मागे वाटेचा हक्क नाही म्हणून निकाल लिहिता येत नाही. म्हणून आधी ऑर्डरची सर्टिफाइड कॉपी काढा आणि ती दोन ओळींची आहे की दहा पानांची ते बघा. पुढचा रस्ता त्यावर ठरतो.

दोन ओळींची असेल तर ती डिक्रीच, म्हणजे वादाचा रीतसर निकाली हुकूमच, नव्हे. संहितेच्या कलम २(२) मध्ये गैरहजेरीत फेटाळल्याचा हुकूम डिक्रीतून वगळलाय. डिक्री नाही तर सेकंड अपील कशावर करणार? त्याच जिल्हा न्यायालयात ऑर्डर ४१ नियम १९ खाली अपील परत पटावर घ्या असा अर्ज करायचा. पुरेसं कारण होतं हे दाखवावं लागतं. कोर्ट बहुधा खर्च भरायला लावतं.

आणि मुदत तीस दिवसांची. फेटाळल्या तारखेपासून, तुम्हाला कळलं तेव्हापासून नाही. तुमचे ४४ झालेत, म्हणजे विलंब माफीचा वेगळा अर्जही लागेल.

आबोली_७
"कळलं तेव्हापासून नाही" हे वाचून मला धक्काच बसला. कळलंच नाही तर माणूस अर्ज कधी करणार?

निवृत्त_शिरस्तेदार
कायद्याचा हिशेब असा की अपील तुम्ही केलंय, तेव्हा तारीख तुम्हाला ठाऊकच असणार. उत्तरवादीचं, म्हणजे समोरच्या बाजूचं, वेगळं आहे. त्याच्या पाठीमागे अपील ऐकलं गेलं आणि त्याला नोटीसच नीट लागू झाली नव्हती, तर त्याचे तीस दिवस त्याला कळल्यापासून. लिमिटेशन कायद्यात अनुच्छेद १२२ आणि १२३ एकाखाली एक आहेत, वाचून बघा.

पणजीचो_पात्रांव
शिरस्तेदार बाब, तुम्ही निवृत्त झालात पण बोर्ड अजून चालूच आहे तुमचं.

वकीलबाब
शिरस्तेदारांनी बरोबर सांगितलं. मी नऊ वर्षं दिवाणी प्रॅक्टिस करतोय, थोडी भर घालतो.

ऑर्डर खरंच दहा पानांची निघाली, म्हणजे अपीलदार नसताना कोर्टाने गुणदोषांत जाऊन फेटाळलेलं असेल, तर सर्वोच्च न्यायालयाचे निकाल तुमच्या बाजूने आहेत. अब्दुर रहमान विरुद्ध अतिफा बेगम हा १९९६ चा, घनश्याम दास गुप्ता विरुद्ध मखनलाल हा २०१२ चा. दोन्हींत हेच म्हटलंय की अपीलदार नसेल तर डिफॉल्टमध्ये फेटाळा, नाहीतर पुढची तारीख द्या, गुणदोषांवर लिहू नका.

वकिलाच्या चुकीसाठी रफिक विरुद्ध मुन्शीलाल, १९८१. अलाहाबाद उच्च न्यायालयात वकील हजर राहिला नाही म्हणून अपील गेलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की खेड्यातल्या पक्षकाराने वकील नेमला, फी दिली, आता तो कोर्टात येतो की नाही यावर त्याने पाळत ठेवायची का? अपील परत लावलं आणि खर्च गैरहजर वकिलाकडून वसूल करायला सांगितलं.

एक लक्षात ठेवा. हा निकाल म्हणजे मंत्र नव्हे. आजकाल प्रत्येक रिस्टोरेशन (अपील परत पटावर घ्यायच्या) अर्जात रफिक असतो, जजसाहेबांना तो पाठ आहे. कोर्ट विचारतं, या वकिलाच्या चुकीत तुमचा निष्काळजीपणा किती?

मेर_आणि_मोग
मी दुसऱ्या बाजूने बोलते, रागावू नका.

आमच्या घराच्या मागच्या मेरेवरून (हद्दीवरून) शेजाऱ्याशी वाद होता. खालच्या कोर्टात आम्ही जिंकलो. त्यांनी अपील केलं, सोबत स्थगिती. मग ते अपील तीन वेळा डिफॉल्टमध्ये गेलं आणि तिन्ही वेळा परत आलं. एकदा वकिलाला ताप, एकदा अपीलदाराची सासू वारली, एकदा डायरीत तारीख चुकीची लिहिली गेली. सासू खरंच वारली होती, मी स्वतः गेले होते तिच्या तेराव्याला. पण दरवेळी स्थगितीही परत यायची आणि आमचं बाथरूम बांधायचं काम तिथेच थांबायचं. सासऱ्यांनी निकालाची वाट बघत प्राण सोडला, मग त्यांचे वारस रेकॉर्डवर आणा, त्यात आणखी आठ महिने.

तेव्हा चिऱ्यांचा ट्रक आणणारा तो शेजारी राक्षसच असेल असं समजू नका. पाच वर्षं त्याच्याही हातात निकाल आहे आणि त्याला काही करता येत नाही.

साखळीची_सून
मेरताई, बाथरूम शेवटी झालं का?

मेर_आणि_मोग
झालं. शेजाऱ्यांनीच खड्डा खणायला माणूस दिला. अपील अजून चालू आहे.

पणजीचो_पात्रांव
हे वाक्य फ्रेम करून टांगा कोर्टाच्या दारात.

म्हापसेकर
मला एक समजत नाही. गुन्ह्याच्या केसमध्ये आरोपी आला नाही, वकील आला नाही, तरी अपील असं फेटाळत नाहीत असं ऐकलं. मग दिवाणीतच का?

वकीलबाब
बरोबर ऐकलंत. बनी सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य, १९९६. फौजदारी अपील नुसत्या गैरहजेरीवर फेटाळता येत नाही, रेकॉर्ड बघून गुणदोषांवरच निकाल द्यावा लागतो. तिथे माणसाचं स्वातंत्र्य पणाला लागलेलं असतं. दिवाणीत वाद दोन पक्षांचा, अपीलदाराला नको असेल तर कोर्ट त्याच्या वतीने भांडत नाही. म्हणून दोन्हीकडचे नियम अगदी उलटे आहेत. फौजदारीत मेरिटवरच जा, दिवाणीत मेरिटवर जाऊच नका.

आजोबांचो_नातू
थोडं विषयांतर. आमचे आजोबा पोर्तुगीज काळात कोर्टात मुन्शी होते. तेव्हा इथे पोर्तुगालचा १९३९ चा प्रक्रिया कायदा चालायचा, आपली दिवाणी संहिता गोव्यात १९६६ च्या जूनमध्ये लागू झाली. टाकून दिलेल्या अपिलाला ते ‘देझेर्त’ म्हणायचे. शब्दशः ओसाड पडलेलं. घरी कोणी जेवणाची वेळ चुकवली की आजोबा म्हणायचे, "हाचें रेकुर्स देझेर्त जालें, ताट उखलात." म्हणजे याचं अपील ओसाड पडलं, ताट उचला.

पणजीचो_पात्रांव
आणि रिस्टोरेशनचा अर्ज आजीकडे!

आजोबांचो_नातू
मुदत पंधरा मिनिटं. विलंब माफी नाही.

साखळीची_सून
माझा अनुभव उपयोगी पडेल. माझ्या आईचं अपील असंच गेलं होतं, तेव्हा आम्हाला ई-कोर्ट्सच्या अ‍ॅपची माहितीही नव्हती. प्रत्येक केसला सोळा अक्षरी-अंकी सीएनआर नंबर असतो, तो टाकला की तारखा, बोर्ड आणि रोजचा रोजनामा, म्हणजे त्या तारखेला कोर्टात काय झालं त्याची नोंद, दिसतो. मी आता दर रविवारी संध्याकाळी भाजी निवडताना बघते. तुमच्या अपिलाच्या मागच्या तारखांना काय झालं तेही त्यात निघेल. आधी ते बघा.

आणखी एक. आईच्या नावावर केस असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो, बायकांना त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. आमचा पहिला वकील फायलीच देईना, फी बाकी आहे म्हणाला. प्राधिकरणातल्या बाईंनी सांगितलं की फीसाठी फाइल अडवून ठेवता येत नाही.

वकीलबाब
बरोबर. आर. डी. सक्सेना विरुद्ध बलराम प्रसाद शर्मा, २०००. फी मागायचा हक्क आहे, त्यासाठी कागद गहाण ठेवून घ्यायचा नाही.

म्हापसेकर
आणि त्या वकिलावर ग्राहक मंचात केस टाका! सेवेत कसूर!

वकीलबाब
२०२४ च्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने ते दार बंद केलं. वकिलाची सेवा ग्राहक कायद्याखाली येत नाही. तक्रार करायचीच तर महाराष्ट्र आणि गोवा बार कौन्सिलकडे, अॅडव्होकेट्स अॅक्टच्या कलम ३५ खाली. पण कुळागरकार, आत्ता ते नको. आज तुम्हाला त्याच वकिलाचं शपथपत्र हवंय की ‘मी दुसऱ्या कोर्टात होतो’. भांडण नंतर करा.

म्हापसेकर
म्हणजे ज्याने बुडवलं त्याच्याच पाया पडायचं?

निवृत्त_शिरस्तेदार
पाया नका पडू, सही घ्या.

कुळागरकार
सगळ्यांचे आभार. सर्टिफाइड कॉपी मिळाली. दोनच ओळी आहेत. अपीलदार व त्यांचे वकील पुकारले असता गैरहजर, अपील डिफॉल्टमध्ये फेटाळण्यात येत आहे, एवढंच.

पण साखळीची_सून यांनी सांगितलं तसा रोजनामा काढला आणि माझे पाय लटपटले. मला वाटत होतं एकच तारीख चुकली. त्याआधीच्या तीन तारखांनाही आमच्याकडून कोणी नव्हतं. दोनदा कोर्टाने लिहिलंय, ‘अपीलदारास संधी म्हणून पुढील तारीख’. शेवटच्या वेळी ‘शेवटची संधी’. वकिलांनी यातलं एक अक्षर सांगितलं नाही, आणि खरं सांगायचं तर मी विचारलंही नाही. दर महिन्याला फोन केला की ते "तारीख पडली" म्हणायचे, मी "बरं" म्हणायचो. तारीख का पडली हे कधी विचारलं नाही. चार महिने असंच.

आता अर्जात काय लिहू? वकिलांचं म्हणणं, आधीच्या तारखांचा उल्लेखच करू नका.

मेर_आणि_मोग
न लिहून कसं चालेल? रोजनामा समोरच्या वकिलाकडेही आहे ना. आमचा वकील असता तर पहिल्याच वाक्यात वाचून दाखवला असता.

वकीलबाब
मेरताईंशी सहमत. अर्जात चारही तारखा स्वतःच लिहा. ‘आम्हाला या तारखांना काय झालं ते कळवलं नव्हतं, रोजनामा काढल्यावर अमुक दिवशी कळलं.’ बाबांचं हॉस्पिटलचं डिस्चार्ज कार्ड जोडा, पण फक्त खरं आहे तेवढंच म्हणा. अर्धांगवायू गेल्या वर्षी झाला आणि तारखा या वर्षीच्या आहेत. ‘आजारामुळे येऊ शकलो नाही’ असं लिहिलंत तर पहिला प्रश्न येईल की मग मुलगा का नाही आला. त्यापेक्षा लिहा की बाबांचं सगळं मी बघतो, वकिलांवर विसंबून होतो. कोर्टात लपवाछपवी पकडली गेली की खरं कारणसुद्धा खोटं वाटायला लागतं.

विलंबाच्या अर्जात ऑर्डरपासून आजपर्यंतचा हिशेब द्या. ट्रक कधी आला, वकिलांना कधी फोन केला, कॉपीसाठी कधी अर्ज केला. ट्रकचा फोटो असेल तर तोही लावा, त्यावर तारीख असते.

निवृत्त_शिरस्तेदार
आणि दोन कामं विसरू नका. एक, मुखत्यारपत्र. बाबा सही करू शकत नसतील तर शपथपत्र कोण करणार, हे आधी सोडवा. नाहीतर अर्ज कचेरीतच हरकतीत अडकेल. दोन, अर्जासोबत पूर्वीची ‘जैसे थे’ची ऑर्डर परत चालू करावी अशी वेगळी मागणी करा. अपील गेलं तेव्हा ती ऑर्डरही गेली, म्हणूनच चिरे आले. अपील पटावर आलं की तीही आपोआप आली, असं गृहीत धरू नका. आणि रिस्टोरेशन अर्जाचा निकाल लागेपर्यंत काम करू नये अशी अंतरिम मागणीही त्यात घालून टाका.

अर्ज नामंजूर झालाच तर घाबरू नका, त्यावर हायकोर्टात अपील करता येतं, ऑर्डर ४३ मध्ये तशी तरतूद आहे. म्हापसेकर, तेव्हा तुमचं हायकोर्ट.

म्हापसेकर
मी आधीच सांगितलं होतं.

आबोली_७
एक शंका. समजा उत्तरवादीने याच अपिलात स्वतःची क्रॉस ऑब्जेक्शन, म्हणजे खालच्या निकालावर त्याची स्वतःची हरकत, लावली असेल तर? मुख्य अपील गेलं की तीही जाते का?

वकीलबाब
नाही. ऑर्डर ४१ नियम २२ मध्ये स्पष्ट आहे, अपील मागे घेतलं किंवा डिफॉल्टमध्ये गेलं तरी क्रॉस ऑब्जेक्शन ऐकता येते. म्हणजे तुमचं गेलं आणि त्याचं राहिलं असंही होऊ शकतं. कुळागरकार, तुमच्या केसमध्ये आहे का?

कुळागरकार
नाही. ते जिंकलेच होते, त्यांना काय ऑब्जेक्शन असणार.

पणजीचो_पात्रांव
त्यांचं ऑब्जेक्शन चिऱ्यांच्या रूपात आहे.

साखळीची_सून
कुळागरकार, शेजाऱ्याशी बोललात का?

कुळागरकार
गेलो होतो काल. त्यांच्या बायकोने चहा दिला. ते म्हणाले, "हांव तुज्या बापायच्या फुड्यांत कोर्टांत वचूंक ना, तूंच व्हेलो." म्हणजे ते आपणहून कोर्टात गेले नाहीत, आम्हीच नेलं. खरंच आहे, दावा आमचा. मग बराच वेळ आम्ही कोळेरोगावर बोललो, बोर्डो मिश्रण किती दिवसांनी मारायचं यावर त्यांचं-माझं जमत नाही तेही निघालं. वाटेबद्दल ना ते बोलले ना मी.

मेर_आणि_मोग
चहा मिळाला म्हणजे बरंच झालं.

(दोन महिन्यांनंतर)

कुळागरकार
सांगायला उशीर झाला. नवीन वकील घेतले. जुन्या वकिलांनी शपथपत्र दिलं, आढेवेढे घेऊन पण दिलं. आम्ही चारही तारखा लिहिल्या. समोरच्या वकिलांनी विरोध केला, रोजनामा वाचून दाखवलाच, मेरताईंनी सांगितलं होतं तसाच. जजसाहेबांनी मला विचारलं, "तुम्ही स्वतः कितीवेळा आलात?" मी म्हटलं, "आज पहिल्यांदा."

अर्ज मंजूर झाला. पाच हजार रुपये खर्च शेजाऱ्यांना द्यायचा, पंधरा दिवसांत. ‘जैसे थे’ची ऑर्डर परत मिळाली आहे. चिरे वाटेच्या कडेलाच रचून ठेवलेत, पावसाने हिरवे होत चाललेत.

पणजीचो_पात्रांव
पार्टी कधी?

निवृत्त_शिरस्तेदार
पार्टी राहू दे. पाच हजार भरले का? हातात देऊ नका, कोर्टात भरा नाहीतर वकिलांमार्फत पावती घेऊन द्या आणि पावती रेकॉर्डवर लावा. मुदत चुकली तर मंजूर झालेला अर्ज पुन्हा पडतो. पंधरा दिवस कधी संपतात?

कुळागरकार
परवा. उद्या सकाळच्या कदंब बसने जातो.